लॉनच्या जागी जलपिंपळी: पुण्यातल्या एका सोसायटीचा प्रकरण अभ्यास

पार्श्वभूमी

पुण्याच्या पश्चिमेकडची एक सोसायटी, नाव मुद्दाम देत नाही आणि माणसांची नावं पण नाही. तिथलं लॉन काढून बऱ्याचशा जागेत जलपिंपळी, म्हणजे जमिनीवर पसरणारी एक देशी वेल, कशी लावली त्याची ही हकीकत. सहा विंग, मधे साधारण ३००० स्क्वेअर फूट लॉन, बिल्डरने ताबा देताना घालून दिलेलं मेक्सिकन गवताचं. एका बाजूला मोठं पर्जन्यवृक्षाचं झाड, दुसऱ्या टोकाला खोलगट कोपरा जिथे पावसात पाणी साचतं, आणि मधला भाग दिवसभर रखरखीत उन्हात. मी तेव्हा गार्डन कमिटीत होते, म्हणून हे सगळं पहिल्यापासून जवळून पाहिलेलं आहे.

लॉनची अवस्था बहुतेक सोसायट्यांमधे असते तशीच होती. झाडाखाली टक्कल, खोलगट कोपऱ्यात दर पावसाळ्यात कुजणार, आणि उन्हात हिरवं ठेवायचं तर रोज पाणी. पाण्याचा हिशोब एकदा मांडून बघितला तर अंगावर येतो. एक मिलिमीटर पाणी म्हणजे दर चौरस मीटरला एक लिटर. ३००० स्क्वेअर फूट म्हणजे साधारण २८० चौरस मीटर. उन्हाळ्यात लॉनला रोज पाचेक मिलिमीटर धरलं तर १४०० लिटर, म्हणजे आठवड्याला दहा हजार लिटरचा एक टँकर फक्त गवतासाठी. एप्रिल-मे मधे पिण्याच्या पाण्यालाच टँकर मागवत असताना हे कुणालाच पटण्यासारखं नव्हतं.

अडचण

पाणी ही एक अडचण होती, दुसरी बी विंगमधल्या एका निवृत्त शिक्षिकेने मांडली. त्यांनी बाल्कनीत आणि खाली कुंड्यांमधे पेंटास, जमैका, झिनिया असं बरंच काही लावलं होतं फुलपाखरं यावीत म्हणून, आणि ती येत पण होती. पण त्यांचं म्हणणं होतं की येतात, दोन मिनिटं रस पितात आणि भिंतीपलीकडच्या मोकळ्या प्लॉटवर निघून जातात, इथे राहत कुणीच नाही.

बरोबरच होतं त्यांचं. फुलपाखरू रस पिऊ शकतं बऱ्याच प्रकारच्या फुलांतला, म्हणून एकदांडी किंवा घाणेरीसारख्या बाहेरून आलेल्या झाडांवरही ती गर्दी करतात, पण अंडी घालायची तर मादीला ठरावीकच झाड लागतं कारण अळी तेवढंच खाते. मीटिंगमधे एकाने विचारलं की मग आपला राज्य फुलपाखरू ब्लू मॉर्मन येईल का, २०१५ मधे महाराष्ट्राने जाहीर केलेलं ते. उत्तर असं की त्याची अळी लिंबाच्या कुळातली झाडं खाते, जमिनीवरच्या वेलीचा तिला उपयोग नाही. म्हणजे आधी ठरवायला पाहिजे की कुणासाठी लावतोय. "फुलपाखरांसाठी बाग" असं मोघम म्हणून नर्सरीत गेलं की नर्सरीवाला रंगीत फुलांची झाडं गळ्यात मारतो, आणि खाद्यझाड यादीत येतच नाही.

तर प्रश्न असा झाला: कमी पाण्यावर जगेल, जमीन झाकेल, दर वर्षी नव्याने लावायला लागणार नाही, थोडंफार पायाखाली तुडवलं तरी चालेल, आणि ज्यावर इथल्याच एखाद्या फुलपाखराची अख्खी पिढी वाढेल असं काय लावायचं?

कोणकोणते पर्याय होते

पहिला पर्याय लॉन उकरून परत तेच लॉन कार्पेट घालायचं. दोन-तीन वर्षांनी पुन्हा इथेच येणार हे सगळ्यांना माहीत होतं, त्यामुळे यावर फार वेळ गेला नाही.

दुसरा पर्याय आर्टिफिशियल टर्फ. कमिटीतले दोघं याच्यावर ठाम होते, पाणी नको माळी नको. पण प्लास्टिकचं गवत उन्हात खऱ्या गवतापेक्षा कितीतरी जास्त तापतं, मुलं अनवाणी उभी राहू शकत नाहीत, आणि खालची माती झाकली की गांडूळ, मुंग्या, पक्षी सगळ्यांचाच विषय संपला.

तिसरा पर्याय वेडेलिया. हा लॅण्डस्केपवाल्याने सुचवला आणि कोटेशनही स्वस्त होतं. पिवळी फुलं, भराभर पसरतो, मरत नाही. मला इथे अडून बसावं लागलं. वेडेलिया अमेरिका खंडाच्या उष्ण भागातला, आणि जगातल्या सगळ्यात त्रासदायक १०० परक्या आक्रमक प्रजातींची जी आययूसीएन या आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संस्थेच्या तज्ज्ञ गटाची यादी आहे तिच्यात तो आहे, आपली घाणेरी ज्या यादीत आहे त्याच यादीत. एकदा नाल्याच्या कडेला उतरला की आवरत नाही. आपल्या कुंपणाच्या आत तो गुणी वाटतो, पण कटिंगचा कचरा शेवटी बाहेरच जातो ना.

चौथा पर्याय जलपिंपळी, काही ठिकाणी रतवेल म्हणतात ती. शास्त्रीय नाव फायला नोडिफ्लोरा, घाणेरीच्याच कुळातली, पण आपल्याकडे मूळचीच असलेली. कॅनॉलच्या कडेला, तळ्याकाठी, शेताच्या ओल्या बांधावर हमखास दिसते आणि कुणी बघत नाही. जमिनीला धरून पसरते, प्रत्येक पेऱ्याला मुळं फुटतात, बहुवर्षायू आहे, ऊन पाहिजे, थोडा दुष्काळ सोसते आणि चार दिवस पाण्याखाली गेली तरी मरत नाही. फुलाची बोंडी नखाएवढी, मधे जांभळट आणि भोवती छोट्या पांढऱ्या फुलांची एक रिंग, ही रिंग रोज थोडी थोडी वर सरकत जाते कारण खालची फुलं संपतात आणि वरची उमलतात. ताज्या फुलाचा घसा पिवळा असतो, जुनं झालं की गुलाबी-जांभळा होतो. नळी इतकी आखूड की गवतात उडणाऱ्या चिमुकल्या निळ्या फुलपाखरांच्या सोंडेलाही रस मिळतो. आणि मुख्य म्हणजे पीकॉक पॅन्सी, नारिंगी पंखांवर मोरपिसाच्या डोळ्यांसारखे ठिपके असलेलं, त्याच्या अळीचं हे खाद्यझाड आहे.

विरोधही झाला. "साप येतील" हा पहिला, तो लवकर मिटला कारण ही वेल वीतभरही उंच होत नाही. दुसरा जास्त वजनाचा होता. एकाने फोनवर वाचून दाखवलं की ऑस्ट्रेलियात मरे-डार्लिंगच्या खोऱ्यात लिपिया नावाच्या वेलीने मैलोन्‌मैल जमीन व्यापलीय आणि ती याच जातकुळीतली. खरं आहे, पण ती फायला कॅनेसेन्स, दक्षिण अमेरिकेतली वेगळी प्रजाती आहे. मात्र पसरण्याची सवय दोघींची सारखीच, त्यामुळे हा मुद्दा उडवून न लावता सगळीकडून फरशीची कड घालायची असं ठरलं. तिसरा आक्षेप मधमाश्यांचा. फुलं असली की फुलोरी आणि सातेरी माश्या येणारच, आणि अनवाणी मुलाचा पाय पडला तर डंख बसणार.

या तिसऱ्या आक्षेपामुळे पहिला मोठा निर्णय झाला: सगळी जागा एकाच गोष्टीने भरायची नाही. खेळायचा साधारण १००० स्क्वेअर फुटाचा तुकडा गवताचाच ठेवायचा, पण हरळीचा, उरलेल्या जागेत जलपिंपळी, आणि मधून शाहाबादी फरशीची पायवाट. मला आजही वाटतं की हा प्रस्ताव जनरल बॉडीत पास झाला तो याच वाटणीमुळे, कारण लहान मुलांच्या आयांना आपलं ऐकलं गेलं असं दिसलं.

प्रत्यक्ष काय केलं

रोपं मिळवणं हीच पहिली परीक्षा. नर्सरीत जलपिंपळी मागितली तर एका ठिकाणाहून ट्रे भरून रोपं आली, पांढरी बोंडी, जमिनीवर पसरणारी, बघायला अगदी तशीच. माळीमामांनी एक फांदी उचलून बघितली आणि म्हणाले, "ताई, ही तर कांचरी आहे, आमच्याकडे भाजी करतात हिची." त्यांचंच बरोबर होतं. ओळखायची खूण पक्की आहे: जलपिंपळीच्या पानाला टोकाकडच्या अर्ध्या भागात करवतीसारखे दाते असतात आणि बोंडी लांब देठावर एकटी वर उभी राहते, कांचरीचं पान कडेने सपाट आणि बोंडी पानाच्या बेचक्यात चिकटून बसलेली, देठच नाही. ट्रे परत गेले. मग माळीमामांच्याच ओळखीतल्या एका शेतकऱ्याच्या बांधावरून, त्यांना विचारून, दोन पोती वेल आणली. सगळी उपटली नाही, इथून थोडी तिथून थोडी. नदीकाठची आणायचा मोह होता, पण तिथल्या गाळात काय काय असतं ते माहीत नसताना मुलांच्या बागेत नको म्हणून टाळलं.

हे फेब्रुवारीत झालं, मुद्दामच. दोन-तीन पेऱ्यांचे तुकडे ग्रो बॅगमधे लावले, अर्ध्या सावलीत ठेवले, आणि जूनपर्यंत एकाची अनेक होत गेली. फुटाला एक रोप धरलं तर आपल्याला अठराशेच्या आसपास लागणार होती, तेवढी विकत घ्यायची तर बजेट कोलमडलं असतं.

तोवर इकडे जुनं लॉन काढलं. एप्रिलमधे माती भिजवून वर पारदर्शक प्लास्टिक अंथरलं, कडा मातीत गाडल्या आणि पाच-सहा आठवडे उन्हात तापू दिलं. काळं प्लास्टिक नाही, पारदर्शकच, कारण ऊन आत शिरून माती तापली पाहिजे. याने तणांचं बी बऱ्यापैकी मरतं. लव्हाळा मात्र मरत नाही. त्याच्या गाठी खोल असतात, एकमेकींना दोऱ्याने जोडलेल्या, आणि खुरप्याने वरवर तोडलं की माळ तुटून प्रत्येक गाठीला स्वतंत्र कोंब फुटतो, म्हणजे एकाचे पाच होतात. तो हाताने, ओल्या मातीतून, गाठीसकट काढायला लागतो. पहिल्या पावसाळ्यातली निम्मी मजुरी लव्हाळ्यावर गेली आणि गाजर गवत उपटण्यावर, आणि ती गेली म्हणूनच वेल टिकली, कारण पहिले तीन महिने जमीन अर्धी उघडी असते.

लागवड जूनच्या दुसऱ्या पंधरवड्यात, पाऊस नीट सुरू झाल्यावर. युरिया वगैरे काही नाही, नुसतं थोडं कंपोस्ट. गणपतीपर्यंत उन्हातला भाग जवळजवळ भरला. बरीच शाळकरी मुलं लागवडीच्या दिवशी चिखलात बसली होती, त्याचा पुढे फार उपयोग झाला.

कुरतडलेली पानं

ऑक्टोबरमधे या सगळ्या प्रकरणातला खरा निर्णय समोर आला. पायवाटेच्या कडेला दोन-तीन चौरस मीटरचा भाग विरळ दिसायला लागला, पानांना भोकं, काही ठिकाणी नुसते देठ. माळीमामांचा फोन, "ताई, अळी पडलीय, क्लोरो मारून घेऊ का? आत्ता नाही मारलं तर सगळं खाऊन टाकतील." क्लोरो म्हणजे क्लोरपायरीफॉस हे कीटकनाशक. माळीमामांची काळजी मनापासूनची होती, इतक्या मेहनतीने लावलेलं डोळ्यांसमोर खाल्लं जातंय हे कुठल्याही माळ्याला बघवत नाही, आणि त्यांना आयुष्यभर हेच शिकवलेलं की अळी दिसली की पंप काढायचा.

गुडघ्यावर बसून वेल बाजूला सारली तर काळपट अळ्या, अंगभर फांद्या फुटलेले काटे. दिसायला भीतीदायक पण हे काटे टोचत नाहीत की खाज येत नाही, केसाळ सुरवंटाचा प्रकार वेगळा. पानांवर बारकाईने बघितल्यावर हिरवी, उभ्या रेघांची, टाचणीच्या डोक्याएवढी अंडी पण सापडली, एकेक सुटी. पीकॉक पॅन्सीच होती. म्हणजे ज्याच्यासाठी सगळा खटाटोप केला ते आलं होतं, आणि लोकांच्या नजरेत मात्र ती कीड होती.

समोर तीन रस्ते होते. एक, क्लोरो मारायचं, दोन दिवसात सगळं साफ आणि अळ्यांबरोबर फुलावरच्या मधमाश्याही साफ. दोन, नीम ऑइल, जे पुष्कळ लोकांना सौम्य वाटतं म्हणून मधला मार्ग वाटला, पण अळीचं खाणं आणि वाढ तेही थांबवतं, बीटी या जिवाणूची पावडर तर खास अळ्या मारण्यासाठीच असते. फुलपाखराच्या खाद्यझाडावर "ऑरगॅनिक" फवारणी केली तरी अळी मरतेच, हे खूप जणांना समजावून सांगावं लागलं. तीन, काहीच करायचं नाही.

चेअरमन काका म्हणाले काही न करणं म्हणजे नक्की काय ते सांगा, लोक मला विचारतात. प्रश्न रास्त होता. मग काही न करण्याचा पण प्लॅन केला: पंधरा दिवस थांबायचं, विरळ झालेल्या जागेचे फोटो काढत राहायचे, तिथे एक छोटा बोर्ड लावायचा की हे कोण खातंय आणि पुढे त्याचं काय होणार, आणि विरळ भाग एकूण जागेच्या एक चतुर्थांशाच्या पुढे गेला तर अळ्या हाताने उचलून दुसऱ्या टोकाला सोडायच्या. तशी वेळ आली नाही. साळुंक्या आणि गांधीलमाश्यांनी बऱ्याच अळ्या उचलल्या, उरलेल्या कोषात गेल्या, आणि वेलीला प्रत्येक पेऱ्यातून नवी पालवी फुटली. अंड्यापासून फुलपाखरू होईपर्यंत साधारण महिना लागतो, तोपर्यंत तो भाग परत हिरवा होता. बोर्डासमोर सगळ्यात जास्त वेळ चिखलात बसलेली ती मुलंच उभी असायची आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला तीच समजावून सांगायची.

दुसरी कसोटी फॉगिंगची. त्याच महिन्यात दोन विंगमधे डेंग्यूचे पेशंट निघाले, आणि सोसायटीत धूर मारा अशी मागणी आली. इथे फुलपाखरं पुढे करून वाद घालणं मला चूक वाटलं असतं, माणसं आजारी होती. पण डेंग्यूचा डास स्वच्छ साचलेल्या पाण्यात वाढतो, धुराने फक्त उडणारे डास मरतात आणि पाण्यातल्या डासांच्या अळ्या तशाच राहतात, हे डॉक्टर असलेल्या एका सभासदांनीच सांगितलं. शेवटी ठरलं की दर रविवारी कोरडा दिवस, कुंड्यांच्या बशा, फ्रिजचे ट्रे, टेरेसवरचं भंगार सगळं रिकामं करायचं, आणि फॉगिंग करायचंच तर पार्किंग आणि डक्टमधे, वेलीवर नाही. संध्याकाळी फुलपाखरं पानांखाली विसावलेली असतात, धुरातून उडून जाता येत नाही त्यांना.

निकाल

दुसऱ्या उन्हाळ्यात जलपिंपळीच्या भागाला आठवड्यातून दोनदा पाणी पुरलं. मे महिन्यात वेल तांबूस पडली आणि फुलं कमी झाली, काही लोकांना ते आवडलं नाही, पण पहिल्या वळवात परत हिरवी झाली. ज्या खोलगट कोपऱ्यात लॉन कुजायचं तिथे तर ती सगळ्यात जोमाने वाढलीय. लॉन कापायचं मशीन आता फक्त हरळीवर चालतं.

पर्जन्यवृक्षाखालचा पट्टा मात्र फसला. सावलीत वेल लांबट, विरळ झाली, फूल नाहीच, आणि पायाखाली मेली.

फुलपाखरांचं म्हणाल तर पीकॉक पॅन्सी पावसाळा संपता संपता आणि हिवाळ्यात भरपूर, उन्हाळ्यात तुरळक. हिवाळ्यातली मिटलेल्या पंखांनी वाळक्या पानासारखी दिसतात, ठिपके जवळजवळ नाहीतच, त्यामुळे काही जणांना वाटलं की ती गेली आणि दुसरीच आली. छोटी निळी तर वर्षभर असतात. शिक्षिकाबाईंनी कोरांटीची दोन झुडपं कुंपणाला लावली आहेत, लेमन पॅन्सी या दुसऱ्या फुलपाखरासाठी.

आज परत करायचं तर

सावलीचा पट्टा आधीच वेगळा काढावा. दुपारी किती तास ऊन येतं हे जमिनीवर खडूने आखून बघायला एक दिवस पुरतो, आणि तेवढ्यावर अर्धी लागवड वाचते.

फवारणीचं ऑक्टोबरमधे नाही, लागवडीच्या आधीच माळीकामाच्या कॉन्ट्रॅक्टमधे लिहून घ्यावं, की या जागेवर कसलंच औषध नाही, नीम पण नाही, आणि अळी दिसली तर आधी फोन. आमच्याकडे माळीमामांनी विचारलं म्हणून निभावलं. बदली माणूस असता तर सकाळी सातला पंप मारून मोकळा झाला असता आणि आम्हाला कळलंही नसतं की इथे कोण आलं होतं.

बोर्ड अळ्या यायच्या आधी लावावा. "पानं खाल्लेली दिसतील" हे लोकांना आधी सांगितलं तर ते वाट बघतात, नंतर सांगितलं तर सबब वाटते.

छाटणी करायचीच तर निम्म्या भागाची आणि कोष कुठे लटकलेत ते बघूनच, उरलेली महिन्याने. फरशीच्या कडेबाहेर आलेले धुमारे दर पंधरा दिवसांनी कापावे, आणि तो कचरा नाल्यात न टाकता कंपोस्टमधे.

खुरपणीचे पैसे पहिल्या वर्षी लागवडीच्या खर्चाएवढेच वेगळे बाजूला ठेवावे. कमिट्या इथे हात आखडता घेतात आणि सप्टेंबरमधे लव्हाळा बघून म्हणतात की देशी झाडं आपल्याकडे येत नाहीत.

झाडाखालच्या पट्ट्यात या जूनमधे परत जलपिंपळी लावणार नाही. गळलेला पाला तिथेच राहू द्यायचा आणि कडेने बसायला दोन बाकं टाकायची, असा ठराव पुढच्या मीटिंगला ठेवलाय.